चपलांची तोंडं दाराकडे

आमच्या गल्लीतला जॅकरँडा परवापासून फुलायला लागला आहे. पुण्याकडे याला नीलमोहर म्हणतात, हे मला केतकीनं सांगितलं होतं. एकही हिरवं पान नसताना सगळं झाड जांभळं होतं. मग फुलं गाडीच्या टपावर, पोस्टाच्या पेटीवर, कचऱ्याच्या डब्यांवर पडत राहतात. इथं परदेशात, टूवूंबात, युनीची म्हणजे युनिव्हर्सिटीची मुलं म्हणतात, हे झाड फुलायच्या आत अभ्यास झाला नसेल तर मग काही खरं नाही. परीक्षा फुलांबरोबर येतात. मला परीक्षा कधी नव्हती, चौथीनंतर शाळा सुटली. तरी हे झाड जांभळं झालं की मला परीक्षा आल्यासारखं वाटतं. सोळा वर्षं झाली, अजून वाटतं.

आज घरात मी एकटी आहे. हे, म्हणजे माझे मालक, वर्कशॉपला गेलेत. मामंजींची मागं रेलणारी खुर्ची खिडकीशी रिकामी आहे. तिच्या हातावर त्यांच्या हाताच्या तेलानं काळा डाग पडलाय, तो कितीही पुसला तरी जात नाही. मी त्या खुर्चीत बसलेले नाही. जेवणाच्या टेबलाशी बसून लिहिते आहे.

त्या वर्षी आपल्याकडची मुलं इकडं लोंढ्यानं येत होती. रविवारी इंडियन दुकानात गेलं की पीठ घ्यायला हीच गर्दी. पाठीला बॅगा, हातात फोन, बोलणं निम्मं इंग्रजी, निम्मं हिंदी. ज्याच्या घरी रिकामी खोली असेल त्याला सगळे विचारायचे. आमच्याकडे होती. आम्हाला मूल नाही. वेल्डर म्हणून यांना व्हिसा मिळाला तेव्हा घर घेताना यांनी तीन खोल्यांचं घेतलं, एक आमची, एक मामंजींची आणि एक कशासाठी ते कुणी बोललं नाही. त्या खोलीत केतकी आली. पुण्याची, डोळ्यांवर चष्मा, केस कापलेले. पहिल्याच दिवशी माझ्या पाया पडली आणि म्हणाली, "काकू, मला स्वयंपाक येत नाही, पण भांडी मी मस्त घासते."

ती सिनेमाचा अभ्यास करायला आली होती. सिनेमाचाही अभ्यास असतो हे मला माहीत नव्हतं. तिला वर्षाच्या शेवटी एक मोठा निबंध लिहायचा होता, त्याचा विषय जपानी सिनेमातला सासरा.

मामंजी हसून हसून खोकले. "आईबापानं इमानात घालून धाडली ती सासरा शिकाय? लगीन झाल्यावर फुकटात शिकिवत्यात की गं पोरी."

"म्हणून तर आजोबा," ती म्हणाली, "पेपर आधीच फुटलेला बरा."

मामंजींना असं उलट बोललेलं चालतं हे मला त्या दिवशी कळलं. बावीस वर्षं मी त्यांची सून होते आणि उलट सोडा, सुलटही कधी बोलले नव्हते. आमच्याकडे, कराडच्या बाजूला, सून सासऱ्यासमोर बसत नाही. त्यांच्याशी थेट बोलत नाही. काही विचारायचं असेल तर कुणाच्या तरी तोंडून विचारते. सासूबाई होत्या तोवर त्यांच्या तोंडून विचारायची. त्या गेल्या आणि मामंजी इकडं आले, तेव्हापासून यांच्या तोंडून. मामंजीही मला हाक मारत नसत. "च्या" एवढंच हवेत म्हणायचे आणि चहा यायचा.

गावच्या घरी मला दार होतं. दाराआड उभं राहिलं की झालं. इथल्या घराला उंबरा नाही, मधे भिंत नाही, स्वयंपाकघर आणि बैठक एकाच खोलीत. मधे एक ओटा. मी त्या ओट्याच्या मागं उभी राहायची. भाजी चिरून झाली तरी उभी, ओटा पुसून झाला तरी उभी. केतकीनं महिनाभर पाहिलं आणि एक उंच स्टूल ओढून आणलं. "काकू, बसा ना. कामं संपलीत." मी टेकले. मामंजी खोकले तशी उठले.

केतकी युनीच्या लायब्ररीतून सीडी आणायची आणि दुपारी मोठ्या टीव्हीवर लावायची. "आज आर्वोला क्लास नाही, काकू. चला, सासरे बघू." दुपारला इथं आर्वो म्हणतात. खाली इंग्रजी अक्षरं यायची, ती केतकी मराठीत मोठ्यानं सांगायची. मामंजी खुर्चीत, केतकी खाली सतरंजीवर, मी ओट्यामागं वाटाणे सोलत.

किती सासरे पाहिले त्या ऋतूत! जुन्या, काळ्या-पांढऱ्या सिनेमांतला सासरा बागेकडे तोंड करून बसलेला असायचा. हातात पंखा, पुढ्यात चहा. बोलायचा कमी, आणि बोलायचा ते "हं" एवढंच. तलवारीच्या सिनेमांतला सासरा घराण्याच्या नावासाठी सुनेला माहेरी काढून द्यायचा आणि दाराकडे पाठ करून बसायचा. टीव्हीच्या मालिकांतला सासरा गमतीचा असायचा, बायकोला चोरून गोड खाणारा, सुनेला त्यात सामील करून घेणारा. एका कार्टूनमध्ये जावईच सासऱ्याच्या घरी राहायला आला होता. केतकी म्हणाली, तिकडे काही घरांत जावई सासऱ्याचं आडनावही लावतो. मामंजी म्हणाले, "म्हंजी गड्याची सून झाली की!" आणि पुन्हा खोकेपर्यंत हसले.

मी सासऱ्यांकडे कमी आणि सुनांकडे जास्त बघायची. त्या कागदी दारं सरकवायच्या. गुडघ्यांवर बसून दार उघडायचं, तबक आत ठेवायचं, पुन्हा बसून दार लावायचं. मला ते बघून हसू यायचं आणि हेवाही वाटायचा. त्यांना दार होतं. आणि त्या बसायच्या तरी.

"सून सासऱ्याला काय म्हणते गं?" मी एकदा विचारलं.

"बाबा. स्वतःच्या वडलांना म्हणतात तेच."

मी माझ्या सासऱ्यांना काहीच म्हणत नव्हते. दुसऱ्यांशी बोलताना 'मामंजी' म्हणायची, पण त्यांना हाक मारायची वेळच आली नव्हती.

ऑक्टोबरच्या सुरुवातीला भावाचा फोन आला. आई परसात पडली, खुब्याचं हाड मोडलं. डॉक्टर म्हणाले, वय झालंय, कापाकापी नको. ती अंथरुणावरून उठणार नव्हती. भाऊ म्हणाला, "ताई, आई रोज विचारते, विमान किती दिवसांचं असतं म्हणून. एवढंच विचारते."

मी यांना सांगितलं. हे वाईट नाहीत. जेवता जेवता थांबले आणि म्हणाले, "जा की. पण आबांचं काय? महिनाभर त्यांचं जेवणखाण, गोळ्या. माझी तर शिफ्ट. तू आबांना विचार. ते हो म्हणाले की लगेच बुक करतो."

"तुम्ही विचारा ना."

"मी विचारलं तर त्यांना वाटेल, मी बायकोच्या बाजूनं बोलतोय. तू विचारलंस तर नाही म्हणायचे नाहीत."

असं ते माझ्यावर आलं. जे मी बावीस वर्षांत केलं नव्हतं तेच करायचं होतं, तोंड उघडून त्यांना विचारायचं. रोज सकाळी ठरवायची, आज चहा देताना विचारू. कप ठेवायची आणि परत ओट्यामागं यायची. फोनवर मी भावाशी आणि घरात यांच्याशी काय बोलते ते मामंजींना ऐकू जात होतं. भावाचा फोन आला की टीव्हीचा आवाज ते बारीक करायचे. त्यांना सगळं माहीत होतं. मला वाटायचं, माहीत आहे तर म्हणतील आपणहून. मोठ्या माणसांनी आपणहून म्हणायचं असतं. आमच्याकडे तीच रीत.

त्याच आठवड्यात केतकीनं तो सिनेमा आणला.

समुद्राकाठचं गाव होतं. अंगणात दोऱ्यांवर मासे वाळत घातलेले. होड्या बनवणारा म्हातारा सुतार, त्याचा मुलगा शहरात गेलेला, परत न आलेला, आणि घरात ही सून. तिच्या माहेरून पत्र येतं, आई अंथरुणाला खिळलीय. सून पत्र वाचते आणि तांदळाच्या डब्यात लपवून ठेवते. सासऱ्याला ते सापडतं. तो काही बोलत नाही. पहाटे सून उठायच्या आधी म्हातारा दाराशी जातो. गुडघ्यांवर हात दाबून, कण्हत खाली बसतो, आणि तिच्या लाकडी चपला उचलून त्यांची तोंडं बाहेरच्या बाजूला करून ठेवतो. शेजारी भाताची एक पुरचुंडी ठेवतो. सून येते, चपला बघते. तेवढ्यात मागून तो म्हणतो, "जा. इथलं मी बघतो."

केतकीनं शेवटचं वाक्य सांगितलं ते जरा हळू आवाजात. मी वाटाण्याची शेंग हातात धरून उभी होते.

मामंजी रडत होते. खरं सांगते, गळ्यातल्या पंच्यानं डोळे पुसत होते. मी त्यांना सासूबाई गेल्या तेव्हाही रडताना पाहिलं नव्हतं.

"लई चांगला माणूस," ते म्हणाले. "असा सासरा गावाय नशीब लागतं."

केतकीनं माझ्याकडे पाहिलं, मग त्यांच्याकडे. "आजोबा, सगळेच सासरे असे नसतात हं."

"नसत्यात कसं? मला इचार की. पोरबाळ झालं न्हाई, तरी आजवर सुनंला मी शब्दानं दुखवलं न्हाई. इचार तिला."

तिनं मला विचारलं नाही. मामंजींनी पंचा खांद्यावर टाकला, खिडकीबाहेर बघितलं आणि म्हणाले, "च्या."

मी चहा केला. आलं जास्त घातलं. माझ्या मनात तेव्हा राग नव्हता, हे आज लिहिताना मला माझंच नवल वाटतं. मला आनंद झाला होता. मला वाटलं, त्यांना कळलं. दगडाला पाझर फुटला. आता आज ना उद्या ते म्हणतील.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी कपडे वाळत घालायला गॅरेजच्या दाराशी गेले आणि तिथंच थांबले. माझ्या चपलांची तोंडं बाहेरच्या बाजूला होती.

मी रोज रात्री भिंतीकडे तोंड करून चपला काढते. बाहेरून येऊन काढल्या की त्या तशाच असतात. त्या सकाळी त्या वळलेल्या होत्या, नीट, एकीशेजारी एक. मी ओल्या कपड्यांची बादली खाली ठेवली आणि तिथंच लादीवर बसले. घरात मामंजी असताना मी पहिल्यांदा बसले असेन. त्यांचे गुडघे दुखतात, वाकता येत नाही, तरी ते वाकले, असं मला वाटत होतं.

मग मी काय काय केलं! माळ्यावरची बॅग काढली. तीन साड्यांना इस्त्री केली. चाळीस पोळ्या लाटून दहा-दहाच्या पिशव्या करून फ्रीजरमध्ये टाकल्या. शेंगदाण्याची चटणी कुटली. मामंजींच्या गोळ्या सकाळ-संध्याकाळच्या वेगळ्या करून बरणीवर सूर्य आणि चांदणी काढली, म्हणजे यांना चुकायला नको. आईसाठी इथल्या बदामाचं पाकीट बॅगेत तळाला ठेवलं, मग आठवलं की तिला दात नाहीत, आणि ते काढून त्याची पूड करायला बसले.

मिक्सरच्या आवाजानं केतकी बाहेर आली. बॅग बघून म्हणाली, "अय्या काकू, तिकीट झालं?"

"होईल. मामंजींनी हो म्हटलंय."

"काय सांगता! कधी बोलले?"

मी तिला दाराशी नेलं आणि चपला दाखवल्या. ती चपलांकडे बघत राहिली. मग तिनं चष्मा काढला आणि पुसायला लागली.

"काकू," ती म्हणाली, "काल संध्याकाळी व्हॅक्यूम मी केलं ना. तेव्हा सगळ्यांच्या चपला मी लावल्या. सिनेमात बघितलं, छान वाटलं, म्हणून."

मी खाली पाहिलं. यांचे कामाचे बूट, तिचे कॅनव्हासचे, मामंजींच्या काळ्या सपाता, माझ्या चपला. सगळ्यांची तोंडं बाहेरच्या बाजूला होती. मी फक्त माझ्याच पाहिल्या होत्या.

"मी विचारते आजोबांना. आत्ता विचारते," ती वळली. मी तिचा दंड धरला, इतका जोरात की तिला लागलं असेल.

"नको. परक्या मुलीनं विचारलं तर त्यांना वाटेल, मी घरातलं बाहेर सांगते. ते म्हणतील आपणहून. रडले ना काल? म्हणतील."

"आणि नाही म्हणाले तर?"

"म्हणतील."

बॅग मी पलंगाखाली सारली. ती भरलेलीच ठेवली. बाहेर जॅकरँडा पूर्ण फुलला. केतकीची परीक्षा जवळ आली, ती दिवसभर दार लावून लिहीत बसायची. मामंजी अंगणात जाऊन फुलं पडताना बघायचे आणि आत येऊन मुकाट जेवायचे. एकदा जेवताना म्हणाले, "पोळी शिळी हाय का?" मी फ्रीजरमधल्या पोळ्या काढायला लागले होते. एवढंच बोलले.

नऊ दिवस मी वाट पाहिली. दहाव्या दिवशी दुपारी साडेबाराला, म्हणजे गावाकडे सकाळी आठला, फोन वाजला. भाऊ होता. म्हणाला, "ताई, तू निघू नको आता. तू येईस्तोवर ठेवता यायचं नाही."

मी फोन ओट्यावर ठेवला. पोळी तव्यावर होती, ती उलटली. केतकी बाहेर आली, माझ्याकडे बघून तिनं गॅस बंद केला आणि मला धरलं. तिनंच मामंजींना सांगितलं. मग मामंजी खुर्चीतून माझ्याकडे वळले. माझ्याशी थेट, डोळ्यांत बघून बोललेलं त्यांचं ते पहिलं वाक्य.

"जायाचं हुतं तर बोलायचं. मी काय दावणीला बांधलं हुतं?"

त्यांचं काही चुकीचं नव्हतं. तोच तर मला अजून डाचणारा भाग आहे. त्यांनी मला कधी नाही म्हटलं नव्हतं. गावात कुणालाही विचारा, माझ्या भावालाही विचारा, सगळे सांगतील की असा गरीब सासरा शोधून सापडायचा नाही.

केतकीच्या निबंधाला सगळ्यांत वरचा ग्रेड मिळाला. उड्या मारत आली, मग माझा चेहरा बघून थांबली. निबंधात मी होते. नाव नव्हतं, 'एक सून' असं होतं. तिनं मला मराठीत सांगितलं, जपानी सिनेमातला चांगला सासरा म्हणजे माणसांचं स्वप्न आहे, खऱ्या घरात जे कुणी बोलत नाही ते तो बोलतो. मग जरा अवघडून म्हणाली, तिकडे दुसऱ्याही प्रकारचे सिनेमे निघतात, कपाटंच्या कपाटं भरतील इतके. त्यांत सासरा वाईट असतो, सुनेकडे वाईट नजरेनं बघणारा. त्यांच्यावर तिनं दोनच ओळी लिहिल्या. पुढे विचारलं तेव्हा ती लाजली आणि मीही पुढे विचारलं नाही.

मी मात्र त्यावर पुष्कळ विचार केला आहे. एका कपाटात देवासारखा सासरा आणि दुसऱ्या कपाटात जनावर. मधल्या सासऱ्यावर कुणी सिनेमा काढत नाही. जो हात लावत नाही, शिवी देत नाही, नाही म्हणत नाही. जो जेवतो, ताट सरकवतो आणि बघतच नाही. त्याच्यावर सिनेमा काढला तर दोन तास काय दाखवणार? एक म्हातारा खुर्चीत बसलाय आणि ओट्यामागं एक बाई उभी आहे. कुणाच्या डोळ्याला पाणी येणार नाही. त्याच्या तर नाहीच.

केतकी पुढे मेलबर्नकडे, पॉइंट कुकला गेली. लग्न झालं. दिवाळीला फोन करते. एकदा म्हणाली, "काकू, तुमच्यावर लिहिलं म्हणून राग नाही ना?" मी म्हटलं, "नो वरीज गं." ती खूप हसली.

या वर्षी मे महिन्यात मामंजी न्हाणीघरात पडले. खुब्याचंच हाड. इथं म्हाताऱ्या माणसाचंही ऑपरेशन करतात, त्यामुळे वाचले. पण उठवायला-बसवायला दोन माणसं लागायला लागली. चार महिने मी आणि हे करत होतो. यांची पाठ गेली. मग यांनी होमची, म्हणजे म्हाताऱ्यांना सांभाळतात त्या घराची, चौकशी केली, गाडीनं दहा मिनिटांवर. चांगली जागा आहे, खिडकीतून झाडं दिसतात.

यांनी ते आबांना सांगितलं तेव्हा मी ओट्यामागं होते.

"आबा, तिथं चोवीस तास माणसं असतात. आम्ही रोज येऊ."

मामंजी यांच्याकडे बघत नव्हते. माझ्याकडे बघत होते. "हिला इचारलंस का?" ते म्हणाले.

हे माझ्याकडे वळले. "तू काय म्हणतेस?"

दिवसा मदतीला एक बाई मिळत होती, मला माहीत होतं. उचलायचं यंत्र घरी बसवून देतात, तेही माहीत होतं. मी एक शब्द बोलले असते तर हे थांबले असते, थांबायला कारणच शोधत होते. मामंजी वाट बघत होते. खुर्चीच्या हातावर त्यांची बोटं हलत होती. एखाद्यानं आपणहून म्हणावं म्हणून वाट बघणं कसं दिसतं ते मी पहिल्यांदा बाहेरून पाहिलं.

"मी काय बोलणार?" मी म्हटलं. "तुम्ही ठरवाल ते."

चांगल्या घरातली सून असंच म्हणते. कुणी नाव ठेवू शकणार नाही.

"बरं," मामंजी म्हणाले.

गेल्या महिन्यात, झाडावर अजून एकही फूल नव्हतं तेव्हा, सकाळी त्यांना न्यायचं होतं. मी त्यांची बॅग भरली. पंचे, स्वेटर, गोळ्या. शेंगदाण्याच्या चटणीची एक डबी वर ठेवली. मग दाराशी गेले. आता माझेही गुडघे दुखतात. हात दाबून खाली बसले आणि त्यांच्या काळ्या सपाता उचलून बाहेरच्या बाजूला तोंड करून ठेवल्या. फक्त त्यांच्याच.

यांनी एका बाजूनं आणि होमच्या माणसानं दुसऱ्या बाजूनं धरून त्यांना दारापर्यंत आणलं. मामंजींनी खाली पाहिलं. बराच वेळ पाहत राहिले. तो माणूस इंग्रजीत "चला आजोबा" अशासारखं काहीतरी म्हणाला. मी मागं उभी होते. मागून काहीतरी ऐकू येईल म्हणून ते थांबले होते, हे त्या घरात फक्त मला माहीत होतं.

मग त्यांनी पाय उचलला. सपाता घालायला त्यांना वळावं लागलं नाही.